समाजवादी देशांतले कामाच्या जागेवरचे विनोदपट : काही धो धो चालले, काही डब्यात का गेले?

निळी_शाई

गेले काही महिने जुने रशियन, झेक, पोलिश, हंगेरियन विनोदपट बघायचा सपाटा लावलाय. सगळ्यांचा विषय थोड्याफार फरकाने एकच, समाजवादी राजवटीतलं रोजचं नोकरीचं आयुष्य. सरकारी ऑफिस, कारखाना, सांस्कृतिक भवन, अग्निशमन दल, बांधकामाची साईट. एक गोष्ट डोक्यातून जातच नाही. तिथे सिनेमाचा निर्माताही सरकारच होतं. म्हणजे ज्याची टर उडवायची त्याच्याच तिजोरीतून पैसे घ्यायचे, त्याच्याच सेन्सॉरकडून पास करून घ्यायचं आणि त्याच्याच थिएटरात लावायचं.

आणि तरी हे सिनेमे निघाले. एल्दार रियाझानोवचा 'कार्निव्हलची रात्र' १९५६चा. त्यात सांस्कृतिक भवनाचा ओगुर्त्सोव नावाचा साहेब नववर्षाच्या कार्यक्रमाची पार वाट लावायला बसलेला असतो. वाद्यचौकडी बघितल्यावर हा म्हणतो, माणसं कमी दिसतात, आणखी घाला, चांगली मोठी सामुदायिक चौकडी होऊ दे! त्याच दिग्दर्शकाचा 'ऑफिसातलं प्रेम' (स्लुझेब्नी रोमान, १९७७) सुमारे ५ कोटी ८० लाख प्रेक्षकांनी पाहिला.

याच्या उलट हंगेरीचा 'साक्षीदार' १९६९ साली तयार झाला आणि १९७९ पर्यंत अडकला. झेक 'तारेवरचे चंडोल' १९६९चाच, लोकांपुढे आला १९९० मध्ये.

माझं मत असं : एखाद्या बिनडोक साहेबाला हसलात तर चालायचं. साहेब ज्या खुर्चीवर बसलाय त्या खुर्चीलाच हसलात की सिनेमा डब्यात. ओगुर्त्सोव तर कायमचा संचालकसुद्धा नाही, प्रभारी आहे. प्रभारी माणूस हटवला की व्यवस्था पुन्हा निर्दोष.

तुम्हाला काय वाटतं? तुमच्या शिफारशीही सांगा.

चहाबाज

वाचनखूण साठवली. यातला एकही पाहिलेला नाही, पण धागा सोडणार नाही.

अरबात_ते_आळंदी

विषय जिव्हाळ्याचा आहे. सत्तरीच्या दशकाच्या शेवटी मी मॉस्कोत इंजिनिअरिंग शिकत होतो आणि 'ऑफिसातलं प्रेम' तिथल्याच थिएटरात, रशियन प्रेक्षकांत बसून पाहिलाय. सुरुवातीला बायका ऑफिसात येतात, टेबलावर आरसे मांडतात आणि कामाच्या वेळेत आरामात पावडर-लिपस्टिक सुरू होते. तिथेच थिएटर हसायला लागलं. कारण तिकीट काढून बसलेल्या बायकाही सकाळी हेच करून आलेल्या होत्या.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी : संख्याशास्त्राचं एक सरकारी कार्यालय. संचालिका कालुगिना, कामात वाघीण, कपड्यांकडे साफ दुर्लक्ष. नोवोसेल्त्सेव हा दोन मुलांचा एकटा बाप. त्याला हलके उद्योग विभागाचं प्रमुखपद हवंय, म्हणून तो भीतभीत साहेबीणबाईंच्या पुढेपुढे करायला जातो.

शूरोच्का नावाची बाई वर्गणी गोळा करत सगळ्या मजल्यांवर फिरते. कुणाला मूल झालं, काढा पन्नास कोपेक (म्हणजे अर्धा रुबल). कुणी गेलं, काढा पन्नास कोपेक. ही युनियनच्या स्थानिक समितीची माणसं खरोखर अशीच असायची. सहलीचे पास, नाटकाची तिकिटं, पुष्पचक्र, सगळं त्यांच्याच हातात. सिनेमात बुब्लिकोव नावाचा अधिकारी वारला अशी बातमी येते. कालुगिना ऐकते आणि विचारते, "वारला म्हणजे? का वारला? मी तसा आदेश दिलेला नाही!" खाली दालनात काळ्या चौकटीत फोटो लागतो, बँड वाजतो, आणि बुब्लिकोव जिवंत, स्वतःच्या पायांनी चालत येऊन स्वतःचा फोटो बघत उभा राहतो.

निळी_शाई, तुमच्या मताशी इथेच माझं जमत नाही. कालुगिना बिनडोक नाही. त्या अख्ख्या इमारतीत सर्वांत हुशार तीच. सिनेमा खुर्चीला हसतो, आणि खुर्चीतल्या बाईवर जीवही लावतो. ५ कोटी ८० लाख लोक उगाच आले नाहीत.

सातारी_कंदी

बुब्लिकोव =)) =)) आजच बघणार. कुठे मिळेल?

निळी_शाई

मोसफिल्म या स्टुडिओच्या यूट्यूब वाहिनीवर त्यांचे बरेच जुने सिनेमे फुकट आहेत, इंग्रजी सबटायटल्ससकट.

ब्रनोचा_बंड्या

झेक बाजू मी मांडतो, बरीच वर्षं इथे नोकरी करतोय. यादीत मिलोश फोरमनचा १९६७चा अग्निशमन दलावरचा सिनेमा नाही? नावाचा अर्थ साधारण 'आग लागली, माझे बाई'. व्र्ख्लाबी नावाच्या डोंगराळ गावात चित्रित झाला आणि बहुतेक कलाकार तिथलेच खरे अग्निशमन जवान होते.

दलाच्या वार्षिक नृत्यसमारंभात लॉटरीची बक्षिसं मांडलेली असतात, केक, दारूच्या बाटल्या, डुकराच्या मांसाची वडी. पार्टी रंगते तशी बक्षिसं एकेक करून गायब. शेवटी समिती ठरवते की दिवे घालवू, ज्यांनी ज्यांनी उचललंय त्यांनी अंधारात परत आणून ठेवा, कुणाला काही विचारणार नाही. दिवे लागतात तेव्हा टेबल आधीपेक्षा मोकळं, आणि दलाचाच एक म्हातारा जवान हातात मांसाची वडी धरून उभा. उचलली होती त्याच्या बायकोने, हा बिचारा परत ठेवायला आला होता. मग समिती आत बसते आणि भांडते कशावर? की या येड्याने वडी परत ठेवलीच कशाला! दलाची अब्रू महत्त्वाची की याचा प्रामाणिकपणा? मी हा प्रसंग झेक सहकाऱ्यांच्या घरी, त्यांच्यासोबत बसून पाहिलाय. त्यांचे आईवडील डोळे पुसत हसत होते.

त्याच रात्री गावात एका म्हाताऱ्याचं घर जळतं. त्याला थंडी वाजू नये म्हणून त्याची खुर्ची आगीच्या जवळ सरकवतात. आणि घर जळताना बघून वाईट वाटू नये म्हणून तोंड दुसरीकडे वळवतात. लोक मदत म्हणून त्याला आपापली लॉटरीची तिकिटं देतात, ज्यांची बक्षिसं आधीच चोरीला गेलेली आहेत.

इथे कुठला साहेब आहे सांगा. सगळी साधी माणसं. सिनेमा १९६७ अखेर लागला, ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला. ऑगस्ट १९६८ मध्ये झेकोस्लोव्हाकियातली मोकळीक चिरडायला सोव्हिएत रणगाडे आले आणि नंतर त्यावर बंदी. त्यामुळे माझ्या मते कॅलेंडर बघायला हवं, सिनेमा कुठल्या साली आला ते. साहेब की खुर्ची हा नंतरचा प्रश्न.

गोदाकाठ

कॅलेंडरचा मुद्दा झेकोस्लोव्हाकियाला लागू पडतो, हंगेरीला तितका नाही. 'साक्षीदार'ची गोष्ट १९५०च्या आसपासची, हंगेरीचा स्टालिनवादी हुकूमशहा राकोशी याच्या काळातली. सिनेमा बनला तेव्हा राकोशीला शिव्या घालायला सरकारचीही ना नव्हती. म्हणजे "जुन्या वाईट दिवसांवरचा सिनेमा" म्हणून आरामात सुटायला हवा होता. तरी १० वर्षं अडकला.

पेतेर बाचोच्या या सिनेमाचा नायक पेलिकान, डॅन्यूबच्या बांधावरचा राखणदार. परवानगीशिवाय घरी डुक्कर कापलं म्हणून पकडला जातो, पण शिक्षेऐवजी त्याला एकेक पद मिळत जातं. जलतरण तलावाचा प्रमुख, करमणूक बागेचा प्रमुख, शेवटी संत्री संशोधन संस्थेचा प्रमुख. तिथे हंगेरीच्या मातीत पहिलं संत्रं पिकतं. मोठे नेते समारंभाला येणार आणि ऐन वेळी ते एकुलतं एक संत्रं पेलिकानचं पोरगं खाऊन टाकतं. मग नेत्यांच्या हातात लिंबू दिलं जातं. चेहरा आंबट होतो, आणि पेलिकान सांगतो : जरा जास्त पिवळं, जरा जास्त आंबट, पण आपलं आहे!

हंगेरीत हे वाक्य इतकं रुळलं की १९८९ साली निघालेल्या एका नियतकालिकाचं नावच 'हंगेरियन संत्रं' आहे.

एवढी पदं पेलिकानला मिळतात कशाला? तर त्याच्या जुन्या मित्रावर, जो आता मंत्री आहे, खोटा खटला भरायचाय आणि पेलिकानने साक्ष द्यायचीय. साक्षीच्या तयारीत त्याच्या हातात जबानीचा कागद म्हणून निकालपत्रच येतं. साक्ष व्हायची आहे आणि निकाल टाईप होऊन तयार. हे कुठल्या सरकारला झेपणार होतं?

मधुमालती

ते लिंबाचं वाक्य वाचून ऑफिसात मोठ्याने हसले. शेजारणीला सगळी गोष्ट सांगावी लागली, आता तीही यादी मागतेय.

व्रोत्सवाव_कर

पोलंडचं नाव अजून कुणीच काढलं नाही? स्तानिस्वाव बारेयाचा 'मिश', म्हणजे अस्वल. १९८०चा, लागला १९८१च्या मे महिन्यात.

त्यातल्या खाणावळीचा प्रसंग इथे पोरासोरांनाही पाठ आहे. पोलंडमध्ये दूध-खाणावळी म्हणून प्रकार आहे, सरकारी अनुदानावर चालणारी स्वस्त जेवणाची ठिकाणं. सिनेमातल्या खाणावळीत अ‍ॅल्युमिनियमच्या वाट्या टेबलाला स्क्रूने घट्ट बसवलेल्या, आणि चमचे साखळीने एकमेकांना बांधलेले. एकाने घास तोंडाकडे नेला की समोरच्याचा चमचा ओढला जातो. दोघांनी आळीपाळीने खायचं! खऱ्या खाणावळी अजून आहेत. मी आठवड्यातून एकदा तरी जातो, बटाट्याची पिरोगी (सारण भरलेल्या उकडलेल्या करंज्या) उत्तम मिळते आणि चमचे मोकळे असतात.

सिनेमाच्या नावातलं अस्वल गवताचं आहे, अवाढव्य. नायक ओखुत्स्की, एका क्रीडा मंडळाचा अध्यक्ष, त्याचा हिशेब समजावून सांगतो. अस्वल कशासाठी, असं कुणी विचारणार नाही. ते उघड्यावर ठेवायचं, पावसात कुजू द्यायचं, मग ते नष्ट झाल्याचा पंचनामा करायचा आणि खर्च वहीतून काढून टाकायचा. खरा पैसा अशाच महागड्या गवती योजनांत असतो म्हणे. सेन्सॉरने पुष्कळ कापाकापी मागितली होती, तरी सिनेमा थिएटरात आला, कारण तेव्हा सॉलिडॅरिटी या स्वतंत्र कामगार संघटनेची चळवळ जोरात होती आणि सरकारची पकड सैल झाली होती. तेव्हा कॅलेंडरवाल्या बंड्याला माझं अनुमोदन.

बारेयाबद्दल मात्र वाईट वाटतं. त्याच्या हयातीत समीक्षक त्याला हलक्या दर्जाचा समजत. १९८७ साली तो गेला आणि दोन वर्षांनी ती राजवटही गेली. आज त्याचे संवाद येत नाहीत असा पोलिश माणूस शोधावा लागेल.

कामगार_नाका

सगळे छान लिहिताय, पण एक विचारतो. हे सिनेमे बघून "बघा, समाजवाद कसा फसला" असं म्हणायची फॅशन आहे. माझे वडील गिरणीत होते. खासगी मालकाच्या कारभारावर त्या मालकाने स्वतः पैसे घालून असा सिनेमा काढल्याचं एक उदाहरण मला दाखवा. घर, दवाखाना, नोकरी यांची शाश्वती असलेल्या माणसालाच साहेबाला हसणं परवडतं.

गोदाकाठ

@कामगार_नाका, सिनेमे सरकारने काढले हे खरं, पण दाबून ठेवलेही सरकारनेच. फोरमन अखेर देश सोडून अमेरिकेत गेला. 'तारेवरचे चंडोल'चा दिग्दर्शक यिर्झी मेंझेल देशातच राहिला, तर त्याला काही वर्षं सिनेमाच करता आला नाही. हसणं परवडतं म्हणता, त्यांना केवढ्याला पडलं बघा.

चहाबाज

या दोघांना वेगळा धागा काढून द्या. इथे सिनेमे चालू द्या.

आत्याबाई_ठाणे

दोघांचं बरोबर आहे, आणि त्यासाठीच मला इथे 'निळे डोंगर' आणायचाय. जॉर्जियन दिग्दर्शक एल्दार शेंगेलायाचा, १९८३चा. आमच्या फिल्म सोसायटीने नंतर दाखवला होता. मी तेव्हा एका सरकारी उपक्रमात स्टोअर्स विभागात होते, आणि दुसऱ्या दिवशी ऑफिसात सगळ्यांना पकडून पकडून गोष्ट सांगितली.

तिब्लिसीतली एक प्रकाशनसंस्था. सोसो नावाचा तरुण लेखक आपल्या लिखाणाच्या प्रती घेऊन येतो आणि एकेका संपादकाला देतो. सगळे कौतुकाने घेतात. वाचत कुणीच नाही. कुणी बुद्धिबळ खेळतंय, कुणी कसल्याशा बैठकीला निघालंय. लिफ्ट अडकलेली. बाहेरच्या मैदानात मोटरसायकलवरून फुटबॉल खेळणाऱ्यांचा कानठळ्या बसवणारा आवाज. ऋतू बदलतो, कोट जातात, पुन्हा कोट येतात, हस्तलिखित तिथेच.

भिंतीवर ग्रीनलंडचं एक मोठं चित्र टांगलंय. त्याखाली बसणारा माणूस प्रत्येकाला सांगतो, हे माझ्या डोक्यावर पडेल, काढा कुणीतरी. सगळे मान डोलावतात. इमारतीला तडे जाताहेत. मोजमाप करणारा एक तज्ज्ञ तडे तपासत फिरतो, ओरडून ओरडून सांगतो, त्याच्याकडेही कुणी बघत नाही. आणि एक दिवस इमारत खरंच कोसळते. मग? नवी चकचकीत इमारत मिळते, सगळे तिकडे जातात आणि पहिल्यासारखंच सुरू.

माझ्या टेबलामागे भिंतीला ओल होती. बांधकाम विभागाला मी अर्ज केला, स्मरणपत्रं पाठवली, साहेब बघून गेले, दुसरे साहेब बघून गेले. शेवटी प्लास्टर रजिस्टरवर पडलं तेव्हा शिपाई म्हणाला, "बाई, ग्रीनलंड पडलं!" कारण गोष्ट त्यालाही सांगितली होती.

आता निळी_शाईंना प्रश्न. इथे एक मूर्ख साहेब नाही. सगळे सभ्य, हसतमुख, सुशिक्षित. अख्खी इमारत पडते. खुर्ची, साहेब, छप्पर, सगळं. आणि या सिनेमाला १९८५ साली सोव्हिएत संघाचा राज्य पुरस्कार मिळाला! हे तुमच्या मतात कुठे बसवायचं?

सातारी_कंदी

आत्याबाई, दंडवत _/\_

निळी_शाई

आत्याबाई, प्रतिसाद दोनदा वाचला. 'निळे डोंगर' पाहिलेला नाही. पण आता सगळ्यांनी सांगितलेल्या गोष्टी शेजारी शेजारी ठेवून बघतोय, तर एक भेद दिसतो. 'ऑफिसातलं प्रेम', 'निळे डोंगर', 'मिश' यांत काम होत नाही, माल मिळत नाही, पैसा मुरतो. हे सरकारही भाषणांतून बोलत होतंच. 'साक्षीदार'मध्ये खोटा खटला आहे. 'तारेवरचे चंडोल'मध्ये भंगाराच्या आवारात सक्तीने कामाला जुंपलेली माणसं आहेत, प्राध्यापक, वकील, सॅक्सोफोन वाजवणारा, आणि शेजारी कैदी बायका. ऑफिसाला हसा, तुरुंगाला हसू नका, अशी रेघ असावी.

ब्रनोचा_बंड्या

हे पटतंय. फक्त अग्निशमन दल या रेघेत बसत नाही, त्यात तुरुंग नाही. तो कॅलेंडरने मारला.

'चंडोल'बद्दल थोडं. झेक लेखक ह्राबालच्या कथांवरून मेंझेलने केला, क्लाद्नो या पोलादाच्या गावी. प्राध्यापकाचा गुन्हा काय, तर त्याने पुस्तकांचा लगदा करायला नकार दिला. सॅक्सोफोनवाल्याचा गुन्हा हा की त्याचं वाद्य भांडवलशाही ठरलं. गंजक्या लोखंडाच्या ढिगांत ही माणसं तत्त्वज्ञान बोलतात आणि पलीकडच्या बायकांशी नजरानजर करतात. १९९० मध्ये बर्लिनच्या महोत्सवात त्याला सुवर्ण अस्वल, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार मिळाला, सिनेमा तयार होऊन २१ वर्षं झाल्यावर.

नाद_कोल्हापुरी

पोलंडला गवताचं अस्वल, झेकला सोन्याचं. नाद खुळा!

हवानाहून_हडपसर

क्युबाला विसरू नका. तोमास गुतिएर्रेझ आलेयाचा 'एका नोकरशहाचा मृत्यू', १९६६. श्रेयनामावलीच सरकारी परिपत्रकाच्या भाषेत टाईप होत येते.

पाको नावाचा आदर्श कामगार. क्युबाचा राष्ट्रनायक होसे मार्ती याचे अर्धपुतळे भराभर घडवणारं यंत्र त्याने बनवलेलं, आणि त्याच यंत्रात पडून तो मरतो. सन्मान म्हणून त्याचं कामगार ओळखपत्र त्याच्यासोबत पुरतात. बायको पेन्शनसाठी गेली की पहिला प्रश्न : ओळखपत्र कुठे? ते मिळवायचं तर प्रेत उकरायला हवं, आणि उकरायची परवानगी इतक्या लवकर मिळत नाही. म्हणून भाचा रात्री चोरून शवपेटी काढतो. कार्ड मिळालं! आता मामाला परत पुरायला नेलं तर स्मशानाचा व्यवस्थापक म्हणतो, हा माणूस आमच्या वहीत पुरलेलाच आहे. पुन्हा पुरायचा तर उकरल्याचा दाखला आणा. इकडे घरात मामा, वर बर्फ. भाचा या खिडकीतून त्या खिडकीत. शेवट सांगत नाही, पण नाव वाचून अंदाज येईल.

हा सिनेमा क्रांतीनंतर ७ वर्षांनी, सरकारी फिल्म संस्थेने काढला आणि दाखवला. आलेया शेवटपर्यंत क्युबातच राहिला आणि तिथेच सिनेमे करत राहिला. @कामगार_नाका, हा तुमच्या बाजूने धरा.

कामगार_नाका

धरला. आणि पहिल्यांदा हाच बघणार. वडिलांच्या पीएफच्या वेळी आईने घातलेल्या खेपा मी बघितल्यात, त्या बर्फाच्या लाद्या मला कळतील.

अरबात_ते_आळंदी

आत्याबाईंच्या प्रश्नाकडे परत येतो. 'निळे डोंगर' आला तो काळ आठवतो. १९८३ मध्ये सोव्हिएत संघात आंद्रोपोव गादीवर होते आणि शिस्तीची मोहीम निघाली होती. दुपारी सिनेमाघरांत, दुकानांच्या रांगांत, सार्वजनिक स्नानगृहांत पोलीस शिरायचे आणि विचारायचे, कामाची वेळ आहे, तुम्ही इथे कसे? अशा वेळी कामचुकार कार्यालयावरचा सिनेमा वरच्यांना सोयीचा वाटला असणार. त्यांनी तो आळसावरचा म्हणून बक्षीस दिलं, लोकांनी तो देशावरचा म्हणून पाहिला. दोघंही एकाच थिएटरात बसले होते.

म्हणून मला "हसू कुणाला" यापेक्षा "वरच्याला तो स्वतःवरचा वाटला का" हा प्रश्न जास्त महत्त्वाचा वाटतो. ओगुर्त्सोव पाहताना कुठल्याच मंत्र्याला आपण ओगुर्त्सोव आहोत असं वाटलं नसेल. तोच नट, इगोर इलिन्स्की, १९३८च्या 'व्होल्गा-व्होल्गा'मध्ये असाच फुगलेला अधिकारी झाला होता, आणि तो स्टालिनचा अत्यंत आवडता सिनेमा होता. स्टालिन मनापासून हसायचा, कारण अधिकारी खालचा होता. 'साक्षीदार' बघताना मात्र वरच्यांना नेमकं कळत होतं की निकालपत्र टाईप करणारे कोण.

रियाझानोवचा १९७९चा 'गॅरेज' जमल्यास एकत्र बसून बघा. एका संशोधन संस्थेची गॅरेज सहकारी सोसायटी, जागा कमी पडते म्हणून चौघांना वगळायचंय. कोणाला? ज्यांच्यामागे कुणी नाही त्यांना. सभा रात्रीपर्यंत लांबते, मग एक बाई दाराला आतून कुलूप लावून किल्ली लपवते आणि पेंढा भरलेल्या प्राण्यांच्या संग्रहालयात सगळे सकाळपर्यंत कोंडलेले. अख्खा सिनेमा एका सभेचा, पण क्षणभर नजर हलत नाही. स्वतः रियाझानोवही त्यात आहे, पाणघोड्याला टेकून झोपलेला.

आत्याबाई_ठाणे

"दोघंही एकाच थिएटरात बसले होते" हे पटलं. आमच्या ऑफिसात 'निळे डोंगर'ची गोष्ट सर्वांत जास्त आवडली होती ती बांधकाम विभागाच्या साहेबांना. ते खूप हसले आणि म्हणाले, "आमच्याकडे असं झालं तर मी एका दिवसात चित्र काढीन."

मधुमालती

आमच्या सोसायटीची सर्वसाधारण सभा येत्या रविवारी आहे. 'गॅरेज' आदल्या रात्री बघावा की नंतर?

अरबात_ते_आळंदी

आदल्या रात्री. आणि सभेला जाताना किल्ली कोणाकडे आहे ते बघून ठेवा.